विचार करणारं झाड घडवायचंय? आधी त्याच्या सावलीचा हिशोब मांडा

परग्रहावरचं विचार करणारं झाड विज्ञानकथेत आलं की बहुतेक वेळा ते म्हातारं, शहाणं आणि दयाळू असतं. एका जागी हजार वर्षं उभं राहिलं की शहाणपण आपोआप अंगात मुरतं, असा आपला गोड समज आहे. जीवशास्त्र मात्र आधी एक खवचट प्रश्न विचारतं: जे जागचं हलतच नाही, त्याला विचार करायची गरज काय?

समुद्रातल्या सी स्क्वर्ट नावाच्या प्राण्याकडे पाहा. त्याचं पिल्लू पोहतं, उजेड-अंधार ओळखतं, बसायला खडक शोधतं. एकदा खडकाला चिकटलं की मेंदूचं काम करणारा मज्जापेशींचा गोळा ते स्वतःच्याच शरीरात जिरवून टाकतं. प्रवास संपला, आता मेंदू पोसायचा कशाला? तुमच्या झाडाने हा प्रश्न पहिल्या दिवसापासून सोडवलेला हवा. म्हणून खालच्या पायऱ्या त्याच क्रमाने घ्या. प्रत्येक निर्णय पुढच्याचे हात बांधत जातो आणि खरी मजा त्यातच आहे. उदाहरणादाखल मी एक काल्पनिक झाड सोबत घडवत नेतो. त्याला सांजवड म्हणू.

पायरी १: झाडाआधी तारा

खोड, पानं, फुलं यांची चित्रं काढायच्या आधी उजेड कुठून आणि कसा येतो ते ठरवा. आपल्या आकाशगंगेतले बहुसंख्य तारे लाल बटू आहेत: लहान, मंद, अतिशय दीर्घायुषी. सूर्याचा सर्वांत जवळचा शेजारी प्रॉक्झिमा सेंटॉरी हा असाच, ४.२४ प्रकाशवर्षांवर. २०१६ मध्ये सापडलेला त्याचा ग्रह साधारण ११ दिवसांत एक प्रदक्षिणा पूर्ण करतो. ताऱ्याच्या इतक्या जवळ फिरणाऱ्या ग्रहाची एकच बाजू कायम ताऱ्याकडे राहण्याची शक्यता मोठी असते, जशी चंद्राची एकच बाजू आपल्याकडे असते. म्हणजे एका बाजूला न संपणारी दुपार, दुसऱ्या बाजूला न संपणारी रात्र आणि मध्ये संधिप्रकाशाचा एक गोल पट्टा.

सांजवड या पट्ट्यात उगवतो. वर्ष २० दिवसांचं धरू. तारा क्षितिजाच्या वर १० अंशांवर, मावळतीला आल्यासारखा कायम लटकलेला. पण तो अगदी स्थिर ठेवू नका. ग्रहाची कक्षा किंचित लांबट असली, समजा विकेंद्रता (लांबटपणाचं माप) ०.०२६, तर दर वर्षी तारा आकाशात सुमारे ३ अंश वर आणि ३ अंश खाली झुलतो. इथे ऋतू नाहीत, दिवस-रात्र नाही. आहे ती एवढीच २० दिवसांची प्रकाशाची भरती-ओहोटी.

रंगाचं थोडक्यात. लाल बटूचा बराचसा प्रकाश अवरक्त असतो, डोळ्यांना दिसणारा कमी. मिळेल तो किरण टिपण्यासाठी तिथल्या वनस्पती काळपट असू शकतील असा एक तर्क आहे. मला तो पटतो आणि चित्रातही उठून दिसतो.

पायरी २: सावली मोजा

ही पायरी लोक गाळतात. वास्तविक झाडाचं मन इथेच जन्माला येतं.

तारा १० अंशांवर असताना ३० मीटर उंचीच्या झाडाची सावली जवळपास १७० मीटर पडते. तारा १३ अंशांवर चढला की ती १३० मीटरवर येते, ७ अंशांवर उतरला की २४५ मीटरपर्यंत जाते. पृथ्वीवर झाडाची सावली दिवसभर फिरते आणि प्रत्येक शेजाऱ्याला थोडा थोडा त्रास देते. इथे ती फिरतच नाही. समोरच्या झाडाची सावली मागच्या त्याच झाडावर पडते: आज, उद्या, पुढची हजार वर्षं. मागच्याला जागा बदलता येत नाही, पुढच्याला सावली आवरता येत नाही.

म्हणजे भाऊबंदकीची पक्की सोय झाली.

आता या भांडणात देवाणघेवाण घुसवा. पुढचं झाड ताऱ्याच्या बाजूला, म्हणजे उजेड भरपूर पण जमीन कोरडी. मागचं झाड अंधाराच्या, बर्फाच्या बाजूला. उजेडाची मारामार, पण मुळाशी वितळलेलं पाणी. पुढच्याने पानं थोडी मिटली तर मागच्याला उजेडाची खिडकी मिळते. मागच्याने मुळांवाटे पाणी पुढे सोडलं तर पुढच्याची तहान भागते. सौदा दोघांच्याही फायद्याचा, पण लबाडीला वाव मोठा. पाणी घ्यायचं आणि खिडकी उघडायचीच नाही, किंवा नेमकी ओहोटीच्या दिवसांत उघडायची, म्हणजे तिचा उपयोग शून्य. कोणी किती दिलं, कोणी बुडवलं, कोणावर पुन्हा भरवसा ठेवायचा हे लक्षात ठेवणारं झाड जगतं. न ठेवणारं अंधारात वाळतं. सांजवडाचं मन म्हणजे मुळात उधारीची वही आहे. तत्त्वज्ञान, कविता वगैरे जे काही असेल ते तिच्या समासात लिहिलेलं.

तुमचा ग्रह वेगळा असेल तर कारणही वेगळं असेल. लाल बटू तारे मधूनच भडकतात आणि घातक किरणोत्सर्ग फेकतात; त्या भडक्यांचा अंदाज बांधणं हे कारण चालेल. कामावर ठेवलेल्या प्राण्यांवर नजर ठेवणं हेही चालेल. कारण कोणतंही घ्या, त्याची एकच अट आहे: परिस्थिती अशी हवी की ठरावीक प्रतिक्रियेने भागणार नाही. नुसता दुष्काळ पुरत नाही. दुष्काळात पर्णरंध्रं, म्हणजे पानांवरची सूक्ष्म छिद्रं, बंद करायला मन लागत नाही. पृथ्वीवरचं प्रत्येक रोपटं ते करतं.

पायरी ३: मन परवडतं का?

माणसाचा मेंदू साधारण २० वॅट खातो, म्हणजे विश्रांतीच्या वेळी शरीर जेवढी ऊर्जा वापरतं तिचा सुमारे पाचवा हिस्सा. झाडाला एवढं झेपेल का? कागद घ्या.

उजेड कायम आडवा येतो म्हणून सांजवडाची पानं छत्रीसारखी पसरत नाहीत, पडद्यासारखी एकाच बाजूला उभी लटकतात. पडदा ३० मीटर उंच, १० मीटर रुंद, म्हणजे ३०० चौरस मीटर. तिरप्या वाटेने जाड हवेतून गाळून आलेला प्रकाश चौरस मीटरला ३०० वॅट धरू. एकूण ९०,००० वॅट. पृथ्वीवरची पिकं साधारण एक टक्क्याच्या आसपास प्रकाश साठवतात. इथला प्रकाश निकृष्ट, म्हणून ०.३ टक्केच धरू. तरी २७० वॅट हातात येतात आणि रात्र होतच नसल्याने ते सतत येत राहतात. त्यातून २० वॅट काढले तर सात-साडेसात टक्के खर्च. चटका बसतो, पण दिवाळं निघत नाही.

हे आकडे माझे गृहीतक आहेत, तुमचे वेगळे असतील. पण मांडून पाहाच, कारण त्यातून कथेला उपयोगी गोष्टी निघतात. सावलीत अडकलेल्या झाडाचे २७० वॅट ४० वर आले तर ते काय बंद करेल? वाढ थांबवेल, की विसरायला लागेल? माझ्या मते ते आधी जुन्या, वसूल न होणाऱ्या उधाऱ्या विसरेल. म्हणजे उपाशी झाड जास्त क्षमाशील दिसेल आणि शेजारी त्याचा गैरफायदा घेतील.

उंचीबद्दल फार डोकं शिणवू नका. पृथ्वीवर पाणी दर १० मीटर वर चढवायला साधारण एका वातावरणाइतका दाब खर्च होतो. उंच रेडवूड झाडांच्या अभ्यासावरून २००४ मध्ये पृथ्वीवरल्या झाडांची कमाल उंची १२२ ते १३० मीटर काढली गेली होती. गुरुत्वाकर्षण कमी असेल तर ही मर्यादा सैल होते. आपला ३० मीटरचा सांजवड निर्धास्त आहे.

पायरी ४: निरोप किती वेगाने धावतात?

वनस्पतींमध्ये विद्युत संदेश असतात ही कल्पना नव्हे, मोजलेली गोष्ट आहे. तुमच्यापुढे तीन तयार वेग आहेत. सुरवंटाने पान कुरतडलं की अरॅबिडॉप्सिस या छोट्या रोपात कॅल्शियमची लाट पसरते, सेकंदाला साधारण एक मिलिमीटर. लाजाळूत संदेश सेकंदाला दोन-तीन सेंटिमीटर जातो. व्हीनस फ्लायट्रॅप या कीटकभक्षी वनस्पतीत तो दहा सेंटिमीटर किंवा त्याहून वेगवान असतो. आपल्या सर्वांत जलद मज्जातंतूंमध्ये हाच वेग सेकंदाला शंभर मीटरच्या घरात जातो.

३० मीटरच्या झाडात शेंड्यापासून मुळापर्यंत निरोप जायला पहिल्या वेगाने आठ तास वीस मिनिटं लागतात, लाजाळूच्या वेगाने सुमारे वीस मिनिटं, फ्लायट्रॅपच्या वेगाने पाच मिनिटं. सांजवडाला मी लाजाळूचा वेग दिला आहे. मुळांनी प्रश्न विचारला, शेंड्याने उत्तर दिलं, की चाळीस मिनिटं गेली.

असं झाड एका जागी बसून सगळं ठरवणारा मेंदू ठेवूच शकत नाही. त्याला कारभार वाटून द्यावा लागतो. ऑक्टोपसच्या सुमारे ५० कोटी मज्जापेशींपैकी दोन तृतीयांश त्याच्या हातांत असतात आणि हात बरंच काही परस्पर उरकतात. सांजवडाची प्रत्येक मोठी फांदी अशीच थोडी स्वतंत्र. तिचं काम उजेड पाहून पानं उघडणं-मिटणं. मुळांचं काम पाण्याचा हिशोब. खोड फक्त भांडण मिटवतं, तेही उशिरा. तुमच्या कथेत झाड ‘मी’ म्हणत असेल तर तो ‘मी’ बहुमताने पास झालेला ठराव आहे हे विसरू नका. घाईची वेळ आली की फांद्या ठरावाआधीच हात हलवून मोकळ्या होतात.

पायरी ५: आठवण ठेवायची कुठे?

झाडाच्या खोडातलं बहुतेक लाकूड मेलेलं असतं. जिवंत असतो तो सालीच्या आतला पातळ थर: साखर वाहून नेणाऱ्या रसवाहिन्या, नव्या पेशी घडवणारं कॅम्बियम आणि बाहेरच्या लाकडातल्या काही विखुरलेल्या पेशी. ‘खोडाच्या गाभ्यात दडलेली आत्म्याची ज्योत’ वाचायला बरी वाटते, पण गाभा हा झाडाचा सर्वांत निर्जीव भाग. मन सालीला लागून आहे, कागदासारखं पातळ आणि तितकंच उघडं.

आता हिशोब प्रत्यक्षात ठेवायचा कसा? पृथ्वीवर दोन सुंदर यंत्रणा तयार आहेत. फ्लायट्रॅपच्या सापळ्यात केसाला एकदा स्पर्श झाला तर तो मिटत नाही. पहिल्या स्पर्शाने पेशींत कॅल्शियम वाढतं आणि हळूहळू ओसरू लागतं. साधारण वीस सेकंदांत दुसरा स्पर्श झाला तर पातळी उंबरठा ओलांडते आणि सापळा झटकन मिटतो. पाचेक स्पर्श झाल्यावरच पाचकरसांची तयारी सुरू होते. थोडक्यात, हे झाड मेंदूशिवाय मोजतं आणि वेळ गेली की विसरतं. ही झाली अल्पकाळाची आठवण.

दुसरी यंत्रणा दीर्घकाळाची. अनेक वनस्पती हिवाळा पुरेसा झाल्याशिवाय फुलत नाहीत. थंडीचे आठवडे त्या कशा मोजतात? अरॅबिडॉप्सिसमध्ये फुलणं अडवून धरणारं एक जनुक असतं. थंडीत ते एकेका पेशीत कायमचं बंद पडत जातं. पेशीपुरता मामला चालू किंवा बंद एवढाच असतो, पण संपूर्ण रोपात किती टक्के पेशी बंद झाल्या यावरून थंडी किती झाली ते ठरतं.

सांजवडात हीच युक्ती वापरा. प्रत्येक शेजाऱ्यासाठी मुळाच्या तोंडाशी पेशींची एक गाठ. शेजाऱ्याचं पाणी पोचलं की गाठीतल्या काही पेशी चालू होतात, खिडकी उघडून परतफेड केली की तेवढ्या बंद होतात. गाठीतल्या चालू पेशींचं प्रमाण म्हणजे डोक्यावरचं कर्ज. गाठ म्हातारी होते, काही पेशी मरतात, हिशोब धूसर होतो. शेजारी आपापल्या गाठी बाळगून असल्याने दोघांचे आकडे कधीच तंतोतंत जुळत नाहीत. कथेसाठी यापेक्षा चांगला ऐवज दुसरा नाही.

याच पायरीवर एक क्रूर प्रसंगही फुकटात मिळतो. खोडाभोवती सालीचं गोल कडं कापून काढलं की पृथ्वीवरचं झाड हळूहळू मरतं. लाकडातून पाणी वर जातच राहतं, साखर मात्र खाली येत नाही आणि मुळं उपाशी मरतात. सांजवडाची साल अशी कापली तर मनाचे दोन तुकडे होतील. शेंड्याला उजेड कळतो पण कर्ज कळत नाही. मुळांना सगळी देणी पाठ, पण फेडायला पानं ऐकत नाहीत. पाणी मिळतंय म्हणून शेंडा बराच काळ खुशीत असेल.

पायरी ६: जाणिवा

झाडाला डोळे लावू नका. गरज नाही. सावलीतल्या प्रकाशात लाल कमी आणि त्यापलीकडचा गडद लाल जास्त असतो, कारण वरच्या पानांनी लाल खाऊन टाकलेला असतो. या प्रमाणावरून पृथ्वीवरची झाडं शेजारी वाढतोय हे त्याची सावली पडायच्या आधीच ओळखतात. अमरवेल वासावरून यजमान शोधते; टोमॅटोच्या नुसत्या वासाकडे तिचा कोंब झुकतो हे २००६ मध्ये प्रयोगाने दिसलं. अरॅबिडॉप्सिसला सुरवंटाच्या चावण्याची कंपनं ऐकवली की ते बचावाची रसायनं वाढवतं, वाऱ्याच्या कंपनांनी तसं होत नाही.

मग सांजवडासमोर माणूस उभा राहिला तर त्याला काय जाणवेल? पावलांची कंपनं, हो. दहा सेकंदांची सावली? वीस मिनिटांत खोड उतरणाऱ्या मनाला ती टिपताही येणार नाही. अंतराळवीराने बंद सूट घातला असेल तर त्याचा श्वास आणि वासही पोचत नाही. पण तळ उभारला, पत्र्याची भिंत महिनाभर उजेड अडवून उभी राहिली, की झाडाच्या लेखी एक नवा शेजारी जन्माला आला. आणि तो पाण्याचा थेंबही देत नाही.

पायरी ७: बोलणं

अशा ग्रहावर जमिनीलगतचा वारा साधारणपणे थंड बाजूकडून उष्ण बाजूकडे वाहील, कारण दुपारच्या बाजूला तापलेली हवा वर चढते आणि तिची जागा घ्यायला गार हवा धावते. म्हणजे वासाचे निरोप फक्त मागून पुढे जातात. मागचा ओरडू शकतो, पुढच्याला उलट ओरडता येत नाही. त्याचं उत्तर मुळांतून जातं, सावकाश. किंवा पानांच्या उघडझापीतून, जी मागच्याला उजेडाच्या लुकलुकीसारखी दिसते. एकाच भाषेच्या दोन बाजू दोन वेगळ्या माध्यमांत. व्याकरण घडवायची हौस असेल त्यांनी इथे मुक्काम ठोकावा.

बुरशीच्या जाळ्याबद्दल मात्र सांभाळून. जंगलातली झाडं बुरशीच्या धाग्यांतून एकमेकांशी बोलतात, पिलांना पोसतात, या दाव्यांना २०२३ मध्ये काही तज्ज्ञांनीच चाप लावला; प्रत्यक्ष जंगलातला पुरावा गाजावाजाच्या मानाने तोकडा असल्याचं त्यांनी दाखवून दिलं. तुमच्या ग्रहावर तुम्ही जाळं खुशाल विणा, पण बुरशीला फुकट राबवू नका. पृथ्वीवर मुळांवरची बुरशी झाडाने बनवलेल्या कार्बनचा वीस टक्क्यांपर्यंत वाटा घेते. दोन झाडांच्या सौद्यात मध्ये बसणारी बुरशी दलालीही घेईल आणि निरोपात फेरफारही करेल.

पायरी ८: पोरंबाळं

वारा ताऱ्याकडे वाहतो, म्हणजे हलकं बी उडून पुढे पडणार. वीस-तीस वर्षांनी स्वतःचंच पोर पुढ्यात उभं राहून उजेड अडवणार. मागे टाकलं तर ते आपल्याच सावलीत, घोर अंधारात. दोन्ही वाटा वाईट, म्हणून निवड रंजक. मी मागची वाट घेतली: बी जड, ते पडद्याच्या मागच्या बाजूने सरळ पायथ्याशी पडतं. रोप स्वतःच्या जोरावर जगू शकत नाही, म्हणून आई मुळातून साखर पाजते, शेकडो वर्षं. रोप उपजत हिशोबी नाही. आईच्या गाठींशी जोडलेलं असताना ते शिकतं कोण कसा आहे. आई कोसळली की त्याच्यावर आयुष्यात पहिल्यांदा थेट उजेड पडतो आणि त्याच वेळी आईच्या मागचे सगळे सावकार त्याच्याकडे वळतात. कर्ज वारशाने येतं की बुडतं, हा त्या जंगलाचा कायदा तुम्हीच ठरवा.

पायरी ९: लिहून तपासा

आता एक घटना घ्या, उदाहरणार्थ तळाची पत्र्याची भिंत, आणि ती तीनदा लिहा: फांदीच्या मिनिटांत, खोडाच्या तासांत, शेजाऱ्याच्या वीस दिवसांच्या वर्षांत. तिन्ही लिखाणांत झाड एकसारखंच वाटत असेल तर पायरी ४ कडे परत जा. संवादात झाड माणसाला उपदेश करायला लागलं तर पायरी २ कडे. त्याला शेजाऱ्याची चिंता सोडून तुमच्या नायकाला शहाणं करायला वेळ कुठून मिळाला ते पाहा.

कथेतल्या शास्त्रज्ञांना काम हवं असेल तर एक खरा प्रयोग हाताशी आहे. फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ क्लोद बर्नार यांनी एकोणिसाव्या शतकातच दाखवलं होतं की ईथरची वाफ दिली की लाजाळू मिटेनाशी होते. फ्लायट्रॅपलाही अशीच भूल चढते हे अलीकडे पडताळलं गेलं. म्हणजे सांजवडाच्या एखाद्या फांदीभोवती पिशवी बांधून तिला भूल देता येईल आणि तेवढा भाग नसताना झाड काय विसरतं ते तपासता येईल. प्रयोग भरतीच्या दिवसांत ठेवा, मागच्या झाडाची खिडकी नेमकी त्याच फांदीत असू द्या आणि पिशवी सोडल्यानंतरचं पुढचं अख्खं वर्ष मागच्याच्या बाजूने लिहा.